हजेरीची जाळी

शनि., ४ जाने.

शेवगावकडची कमान वाळून आज उभी राहिली. लोकांना वाटतं कमानीला चुना लागतो. खरं काय लागलं ते लिहून ठेवतो, पुढच्या वेळी कुणाला हो म्हणताना आठवेल.

चुना अकरा घमेली. गूळ दीड ढेप. बेलफळं पाऊण पोतं. लाईट नसलेले तीन शनिवार. भजनी मंडळाचे नऊ गळे, त्यातले दोन अजून बसलेलेच आहेत. शेजारच्या गिरणीवाल्याचा अबोला. एका म्हशीची संध्याकाळची धार (मंडळाने खर्ज लावला तशी बुजली, पान्हाच सोडला नाही). माझा डावा गुडघा. आणि सुमनच्या, म्हणजे बायकोच्या, चुलतभावाच्या घरचा साखरपुडा, जो आज होता आणि तिथे मी नव्हतो. ही शेवटची किंमत काय ते घरी गेल्यावर कळेल.

पण सरपंच खाली उभे राहिले, हाक मारली, आणि कमानीने ओ दिली. मंडळाचाच खर्ज, जशाचा तसा, चुन्यातून. म्हाताऱ्या दचकल्या, मग हसायला लागल्या. त्यानंतरच मी नारळ घेतला. ओ आल्याशिवाय नारळ नाही, पंगतीला बसणं नाही. ओ न देणारं काम मुकं. ते मालकाच्या दारात ठेवायचं नाही, फोडून परत चुन्याच्या कुंडात टाकायचं. कोंडाबाई जात्यावर बसून सुराने कोनाडे उभे करायची, तिच्याकडून शिकलो त्यातलं बाकी पुष्कळ मोडलं, हे नाही मोडलं.

गर्दीतून एकाने विचारलं, मधेच ट्रॅक्टरचा आवाज घुसला तर? म्हटलं, "तीस वर्षांत माझ्या कानाला चुकवून एक परका सूर चुन्यात गेलेला नाही." टाळ्या पडल्या. बरं वाटलं. आणि खोटंही नाही.

रवि., ५ जाने.

किंमत कळली. सकाळपासून सुमन फक्त भांड्यांशी बोलते आहे.

दुपारी कारखान्यावर जेवण घेऊन आली तेव्हा बोलली, पण फ्रीजवर. "भंगारात द्या हे धूड. बेलाचा रस ठेवायला घरघरणारं जनावर पाळलंय नुसतं." मी विचारलं, कुठे घरघरतंय? ती माझ्याकडे बघतच राहिली. वीस वर्षं माझ्या पाठीशी आहे तो फ्रीज. मला नाही ऐकू येत.

माझा जुना गडी हसनभाई बैलाच्या घाणीवर चुना मळत होता. म्हणाला, "शेठ, तुमास्नी तीन शेतं पल्याडची टिटवी ऐकू येती, अन्..." आणि बैल हाकलला.

सोम., ६ जाने.

साळवेबाईंचा फोन. चौथीच्या माझ्या बाई. रिटायर झाल्यापासून सावेडीत असतात.

"गोरख, ओळखलंस का रे?"

"बाई, नुसतं नंबर सतरा म्हणाला असतात तरी ओळखलं असतं."

हसल्या. हसणं मधेच तुटलं. ओल्या वाळूवरून पत्रा ओढल्यासारखा आवाज. शाळेच्या पटांगणातून हाक मारली तर ओढ्याच्या पलीकडची पोरं शेळ्या सोडून पळत यायची, तो हा आवाज.

घशात गाठ आहे. ऑपरेशन २० तारखेला. गाठ साधी की दुसरी, ते काढल्यावर कळेल. आवाज राहतो की जातो, तेही डॉक्टर आज सांगू शकत नाहीत. हे सगळं बाईंनी पाढा म्हटल्यासारखं सांगितलं. मग म्हणाल्या, "मला गाणंबिणं येत नाही. हजेरी येते. छत्तीस वर्षं घेतली. तिची एखादी जाळी होईल का? खिडकीपुरती. आवाज गेलाच तर घरात कुठेतरी असावा."

होईल म्हटलं. फोन ठेवला आणि घाणीभोवती दोन चकरा मारल्या. बैल थांबला, मी चाललो होतो.

मंगळ., ७ जाने.

सावेडीला जाऊन माप घेतलं. हॉलची व्हरांड्याकडची खिडकी, दोन फूट बाय अडीच. बाई वाळल्यात, पण खुर्चीत बसणं तेच, ताठ. टीपॉयवर चार वर्तमानपत्रं कडेला कडा लावून.

अप्पा, म्हणजे बाईंचे यजमान, एस.टी.त कंडक्टर होते. आयुष्यभर "पुढे सरका, पुढे सरका" करण्यातच सगळं बोलणं संपलेला माणूस. मला फाटकापर्यंत सोडायला आले.

"गोरखराव, तिला फार बोलायला लावू नका."

म्हटलं, जोर लागत नाही अप्पा. हळू चालेल, पण टिकवून.

थोडं थांबून, "ऑपरेशननंतर खायला काय देतात हो?"

मला काय ठाऊक. म्हटलं, टॉन्सिलवाल्यांना आईस्क्रीम देतात बुवा. त्यांनी मान हलवली, तिकिटाला पंच मारल्यासारखी.

बांधणी शनिवारी, ११ ला. सावेडीची लाईट शनिवारी दहा ते तीन नसते. आपली बाहेरची सगळी कामं त्याच वेळात. मोटारी बंद, मिक्सर बंद, अख्खी गल्ली गप्प. वीजवाल्यांना माहीत नाही, पण ते या धंद्यात माझे भागीदार आहेत.

बुध., ८ जाने.

घोळ. दवाखान्याने ऑपरेशन अलीकडे घेतलं, १६ ला. जाळी सहा दिवस वाळल्याशिवाय ओ देत नाही, आणि बाईंनी हाक मारून ती ऐकायची ती १५ पर्यंत. म्हणजे बांधणी उद्याच. गुरुवार. भर लाईट.

दुपारी गल्लीत घरोघर फिरलो. पलीकडच्या वहिनींनी वॉशिंग मशीन लावणार नाही म्हणून सांगितलं. बोअरची मोटर सकाळीच चालवून घेणार. क्लासवाल्या मॅडम पोरांना दोन तास नुसतं शुद्धलेखन घालणार आहेत. पोरं माझ्याकडे शत्रूसारखी बघत होती. कोपऱ्यावरच्या पोपटावर चादर टाकायचं ठरलं. त्याची मालकीण म्हणाली, "काका, तो चादरीतसुद्धा शिव्या देतो." म्हटलं, मग त्याला दोन तास मावशीकडे पाठवा.

गुरु., ९ जाने.

झाली. अंग मोडून आलंय, पण लिहितो.

हॉलमध्ये चौकट मांडली, त्यावर ओलं मांजरपाट ताणून बसवलं, वर लगदा बोटभर. खालून भोपळ्याचा भोंगा, त्याचं तोंड बाईंच्या ओठाशी. घरातलं सगळं बंद. पंखे, टीव्ही, भिंतीवरच्या घड्याळाचा सेल. फ्रीज हॉलच्या कोपऱ्यात असतो (स्वयंपाकघर लहान), त्याची पिन मी स्वतः ओढली. अप्पांना म्हटलं, मोबाईल बंद, पलंगावर बसा, खोकायचं नाही.

बाईंना पट पाठ. वही लागली नाही. आमच्याच वर्गाचा घेतला. नावाच्या शेवटी सूर लांबवायचा, एवढंच शिकवलं. "आव्हाड छाया..." त्या "या"वर कापड थरथरलं. "इंगळे दत्तू..." सातव्या नावाला लगदा हलला. हे दर वेळी बघतो. ओला चुना कडेला सरकतो, गोळा होतो, मग एक रेघ उठते, तिच्या शेजारी दुसरी. बाईंचे डोळे मोठे झाले, पण सूर सोडला नाही.

सतरावं नाव माझं. "गोरख..." ओठ आपोआप उघडले. हजर बाई म्हणून मोकळा होणार होतो. जीभ चावली.

दर दहा नावांना विश्रांती. बाई कोमट पाणी घेत. अप्पा एकदाच उठले, चपला काढून, मांजराच्या पावलाने माझ्या मागून गेले आणि आले. काय शिस्त. असा माणूस घरात असला की काम सोपं होतं.

पन्नास नावं झाली तेव्हा जाळीचे आरे, म्हणजे उभ्या पट्ट्या, दोन बोटं उभे. उभे, सरळ, एकसारखे, जाड. बाईंच्या आवाजाला इतका जाड आरा येईल असं वाटलं नव्हतं. आजाराने आवाज खाली उतरलाय, त्याचा गुण.

निघताना बाई हळूच म्हणाल्या, "सगळी आली रे आज. एकही गैरहजर नाही."

रवि., १२ जाने.

जाळी कारखान्यात ओल्या गोणपाटाखाली. हसनभाई दिवसातून चारदा गोणपाट उचलून बघतो. आज म्हणाला, "शेठ, ह्ये आरे बाईमानसाचे न्हाईत वाटत."

"चाळीस वर्षं चुना मळतोस की गळे तपासतोस?"

"मळतूच. पर हातालाबी कान असत्यात."

गप्प बसवला. सुमन अजून अर्धीच बोलते. साखरपुड्याचा व्हिडिओ तीनदा दाखवला, प्रत्येक वेळी रिकाम्या खुर्चीपाशी थांबवून.

बुध., १५ जाने.

मुकी.

लिहवत नाही. तरी.

सकाळी जाळी खिडकीत बसवली. चांगली दिसते, उन्हाचे पट्टे फरशीवर पडले. पुन्हा सगळं बंद, फ्रीजची पिन पुन्हा मीच काढली. बाई समोर उभ्या राहिल्या. पहिलं नाव. जाळी गप्प. दुसरं. पाचवं. दहावं. मी आऱ्यांना कान लावला, नखाने टिचकी मारली. चुना चांगला आहे, खणखणीत. पण बाईंना ओळखत नाही.

बाईंचा आवाज फाटायला लागला तशी अप्पा म्हणाले, "पुरे." बाईंनी हाताने थांबवलं आणि एकच नाव आणखी घेतलं. "गोरख."

जाळी गप्पच. मीच म्हणालो, "हजर, बाई."

छिन्नी काढली. नियम आहे. बाई म्हणाल्या, "मी दवाखान्यातून येईपर्यंत हात लावायचा नाही. वर्गात उशिरा येणारी पोरं मी कधी हाकलून दिली नाहीत." अप्पाही म्हणाले, राहू द्या. न जेवता निघालो. तीस वर्षांत पहिल्यांदा मुकं काम दुसऱ्याच्या घरात ठेवून आलो, आणि तेही कुणाच्या, तर...

उद्या ऑपरेशन. त्या आवाजाचं घरात काही ठेवायचं होतं. काही ठेवलं नाही.

गुरु., १६ जाने.

दुपारी सव्वादोनला अप्पांचा फोन. "बाहेर आणलं. बरी आहे." एवढंच. मग पुन्हा फोन, "गाठ तपासायला पाठवली." मग पुन्हा, "चौदा दिवस एक शब्द नाही बोलायचा. पाटी आणलीय." एका दिवसात तीन फोन. अप्पा घाबरलेत.

सुमनने न विचारता चहा दिला. साखर बरोबर होती. म्हणाली, "हुईल नीट." ती अशी बोलते तेव्हा तिच्या माहेरची, पाथर्डीकडची होते.

सोम., २० जाने.

सकाळी अप्पांचा फोन : "गोरखराव, जाळी ओ देतीये."

मला वाटलं माझ्या समाधानासाठी म्हणतात. स्कूटर काढली. दारातून आत पाऊल टाकलं आणि ऐकलं. व्हरांड्याच्या खिडकीतून एक बारीक, खालच्या पट्टीतली ओ. थांबत नव्हती. गुडघा विसरून खाली बसलो, आऱ्यांना गाल लावला. थरथरत होती.

बाई खुर्चीत, गळ्याला मफलर, मांडीवर पाटी. पाटीवर लिहिलं : ऐकलंस? खाली : दिवसातून खूपदा. मी गप्प असले की बोलते. आणि मग सगळं पुसून मोठ्या अक्षरात : माझाच आहे ना?

मी डोळे मिटून पुन्हा ऐकला. "शंभर टक्के तुमचाच, बाई. काही कामं उशिरा बोलतात. चिंचेला नाही का दहा वर्षं लागत."

बाई पाटी छातीशी धरून बसल्या. डोळ्यांतून पाणी, तोंडावर हसू. आवाज येवो न येवो, घरात आहे, असं काहीतरी त्यांच्या चेहऱ्यावर होतं. मी खिडकीकडे तोंड केलं.

अप्पांनी आईस्क्रीम आणलं. वाटीभर. डॉक्टरांनी बाईंना गार काही नको म्हणून सांगितलंय, म्हणून येईल त्याला वाढतायत. फॅमिली पॅक, आधीच आणून ठेवलेला. दगडासारखं घट्ट, चमचा वाकला. अप्पा माझ्याकडे न बघता म्हणाले, "घ्या अजून." दोन वाट्या खाल्ल्या. पाच दिवसांत पहिल्यांदा चव लागली.

परत येताना हसनभाईला सांगितलं, बोलली जाळी. तो म्हणाला, "बरं झालं." एवढंच. अजून काही बोलेल असं वाटलं होतं.

शनि., २५ जाने.

गाठ साधी. साधी. साधी.

अप्पांनी रिपोर्ट फोनवर वाचून दाखवला, इंग्रजीत, एकेक अक्षर सुटं करून. मला काही कळलं नाही, त्यांनाही कळलं नव्हतं. शेवटी म्हणाले, "डॉक्टर हसले."

सुमनला सांगितलं. ती पोळपाट-लाटणं तसंच ठेवून देवापाशी गेली. संध्याकाळी तिळगूळ घेऊन दोघं सावेडीला. बाईंनी पाटीवर सु.ची चौकशी केली. सु.ने सगळं सांगितलं, साखरपुडा, रिकामी खुर्ची, सगळं. बाईंनी पाटीवर माझ्यासाठी लिहिलं : शंभर वेळा लिहून आण, मी घरच्या कार्याला जाईन.

सु. इतकी हसली की साखरपुडा माफ झाला. जाळी मधूनच ओ देत होती. सु.ने एकदा तिच्याकडे बघितलं, एकदा हॉलकडे, आणि कपाळाला आठी घातली. मी विचारलं काय गं? "काही न्हाई," म्हणाली, "ओळखीचं वाटतंय."

म्हटलं, अर्थात. बाईंचाच आवाज.

गुरु., ३० जाने.

अकरा वाजून दहा मिनिटं. फोन वाजला, बाईंच्या नंबरवरून. मला वाटलं अप्पा.

"गोरख."

बारीक, थोडा खालचा, कडेला किंचित चरा गेलेला. पण अख्खा. पत्रा नाही, वाळू नाही. बाई.

"हजर, बाई."

 डॉक्टरांनी दिवसाला दहाच वाक्यं दिलीत म्हणे. पहिलं मला दिलं. दुसरं अप्पांना दिलं असेल असं वाटलं, तर अप्पा मागून म्हणाले, "माझं नंतर. मला पाटीची सवय झाली."

हसनभाईने घाणी थांबवून दोन मिनिटं बैलाच्या पाठीवर हात ठेवला. मी आज कामच केलं नाही. बेलफळं फोडत बसलो, लागणार नव्हती तरी.

शनि., ८ फेब्रु.

शेवगावच्या बाजारात गेलो होतो. चहाच्या टपरीवर चारजण भेटले, कमान बघून आलेले. त्यांना बाईंच्या जाळीची गोष्ट सांगितली. "माणूस गप्प झालं तरी माझी जाळी बोलते," असं वाक्य तोंडातून गेलं. चांगलं वाक्य आहे. एकाने पेनने हातावर लिहून घेतलं. याच बाजारात मी पोरवयात लोकांना माठ वाजवून निवडून द्यायचो, माठाला चार आणे. कान तेच. तेव्हाही चुकत नव्हते.

हसनभाई बरोबर होता. चहा पिऊन झाल्यावर कप उपडा ठेवला.

शनि., २२ फेब्रु.

बाईंनी जेवायला बोलावलं होतं, मला आणि सु.ला. मीच शनिवार म्हटलं. दहा ते तीन लाईट नाही, गल्ली शांत, आणि बाईंच्या नव्या आवाजाला जाळी पहिल्यांदा समोरासमोर ओ देणार.

बारा वाजता बाई जाळीपुढे उभ्या राहिल्या. आवाज आता छान लागतो. पहिल्यासारखा ओढ्यापलीकडे जाणार नाही, पण हॉल भरतो. "आव्हाड छाया."

गप्प.

"इंगळे दत्तू."

गप्प. मी म्हटलं, बाई, आवाज थोडा खाली घ्या. घेतला. वर घ्या. घेतला. पंधरा नावं. रोज आपोआप बोलणारी जाळी, बाई बोलत नव्हत्या तेव्हा बोलणारी, आणि आज... आऱ्यांना टिचकी मारली, पाणी शिंपडलं, फडक्याने पुसली. घाम फुटला.

बाई म्हणाल्या, आधी जेवून घेऊ. मटण, बाजरीची भाकरी, सु.चा शनिवार म्हणून तिला वांग्याचं भरीत. मी बसलो नाही. ओ नाही तर पंगत नाही. सु. म्हणाली, "अहो, भाकरी गार होतीय." बाई म्हणाल्या, "तू बैस रे, तुझ्या नियमाला मी समजावते." नाही बसलो. तिघं हात आवरून बसली. अप्पा ताटाकडे बघत होते. 

शेवटी बाई म्हणाल्या, आम्ही जेवतो. तिघं जेवली. मी खिडकीपाशी उभा.

तीन वाजले. पंखा फिरला. ट्यूब दोनदा लुकलुकून लागली. बाई तांब्या घेऊन मला पाणी देत होत्या, तोंड मिटलेलं.

जाळीने ओ दिली.

कुणी हललं नाही. ओ तशीच, खालची, सरळ, न थांबणारी. बाईंनी गळ्याला हात लावला. मी तोंड उघडून बघत होतो.

सु. हात धुवून आली होती. पदराला हात पुसत म्हणाली, "अहो. त्यो फ्रीज हाय."

"काय?"

"फ्रीज. आपल्या कारखान्यातला हाय ना, तसाच घरघरतोय. कवाधरनं म्हन्तेय ओळखीचं वाटतंय."

मी ऐकायचा प्रयत्न केला. खरं सांगतो, इथे कुणी वाचत नाही : मला फ्रीज ऐकू आला नाही. जाळी ऐकू येत होती, फ्रीज नाही. कोपऱ्यात गेलो, पिन ओढली. जाळी गप्प. पिन लावली. थोडा वेळ काही नाही, मग आतून कसलंतरी टक, आणि जाळी : ओ.

सगळ्यांनी अप्पांकडे बघितलं. अप्पा तिकीट न काढलेल्या प्रवाशासारखे उभे.

"आत आईस्क्रीम होतं," ते म्हणाले. "हिच्यासाठी आणलं होतं. दोन-तीन तास बंद म्हणजे वितळलं असतं. मी... हळूच पिन लावली परत."

बाई म्हणाल्या, "अहो, मला गार चालत नव्हतं."

"तेव्हा माहीत नव्हतं. गोरखराव म्हणाले टॉन्सिलवाल्यांना..."

मी फरशीकडे बघितलं.

"आणि जाळी बोलायला लागली तेव्हा? तेव्हाही कळलं नाही तुम्हाला?" बाईंनी विचारलं.

"कळलं. दुसऱ्याच दिवशी कळलं. पण तू पाटीवर लिहिलं होतंस ना, माझाच आहे का म्हणून. आणि गोरखराव म्हणाले शंभर टक्के. मग मी कशाला मधे बोलू?"

बाई हसल्या. आधी खांदे हलले, मग आवाज आला, वाढला, खिडकीपर्यंत गेला. मधे कुठे तुटलं नाही. तोंडाला पदर लावून, खुर्चीला धरून. अप्पा आधी घाबरले, डॉक्टरांनी जोरात हसायला सांगितलं नाही म्हणाले, मग तेही. जे जाईल म्हणून मी साडेसहा आठवडे धास्ती घेतली होती ते हसणं कानाने नीट ऐकलं. निदान ते तरी.

छिन्नीचं विचारलं. नियम आहे, ज्याची जाळी त्याला ओ देत नाही, ती फोडायची. बाई म्हणाल्या, "खबरदार. चौदा दिवस मला बोलता येत नव्हतं तेव्हा या फ्रीजने माझी हजेरी घेतली. पटावर नाव चढलं त्याचं."

नव्या आवाजाची दुसरी करू का, विचारलं. "बघू," म्हणाल्या, "माझीच अजून त्याच्याशी ओळख व्हायचीय." हो म्हणाल्या नाहीत, नाही म्हणाल्या नाहीत. मी चौकट नेहमी स्कूटरला बांधूनच ठेवणार आहे.

सु. म्हणाली, "ओ दिली ना कुनालातरी? बसा आता." बसलो. गार भाकरी, गार मटण. तीन भाकरी खाल्ल्या.

घरी आल्यावर कारखान्यात गेलो. हसनभाई निघून गेला होता. त्याला कसं सांगायचं ते उद्या. फ्रीजसमोर उभा राहिलो. वीस वर्षांत याच्या पुढ्यात किती कोनाडे, किती जाळ्या... बोटांवर मोजायला लागलो, मग बोटं मिटली. पिन काढून ठेवलीय. बेलाचा रस नासेल तर नासू दे.

सावेडीहून निघताना सु.ने बाईंची शाळेची पट्टी घेऊन अंतर मोजलं होतं. मी नको म्हणत होतो. त्या दिवशी चौकट मांडली होती तिथून फ्रीज पाच फूट आठ इंचांवर होता.